लामला काय हवंय

बुसैतीन, ९ फेब्रुवारी २०२४

ताई,

तुझं पाकीट परवा विनीतनं आणून दिलं. अस्करच्या कारखान्यातून सुटल्यावर सरळ इकडेच आला होता. बसला नाही. "मी फक्त पोस्टमन. मावसभाऊ असलो तरी तुम्हा दोघींच्या मध्ये मला घेऊ नका," म्हणाला आणि गेला. पाकिटावरचं तुझं अक्षर ओळखू आलं. 'मृ' अजून तसाच काढतेस.

विनीतनं तुला सांगितलं ते बरोबर आहे. लामला नोव्हेंबरात स्ट्रोक आला. उजवा हात गेला, उजवा पाय थोडा उरलाय. आता घरी आहे.

कसं झालं ते विचारलंस. घराच्या तळमजल्यावर आम्ही जेवणाचं एक टेबल चालवतो. चालवायचो. एकच गोल टेबल, बाहेर पाटी नाही, मेन्यू नाही. लोकांनी आधी फोन करायचा, लाम सकाळी बाजारातून मिळेल ते आणणार, आणि संध्याकाळी त्याला सुचेल ते वाढणार. हाँगकाँगमध्ये स्वयंपाक्यांची अशी घरं पुष्कळ आहेत. बहारीनमध्ये आमचं होतं.

त्या गुरुवारी टेबल भरलेलं होतं. लामनं हामूर वाफवला होता. मासा ताटलीत काढला, वर आलं नि पातीचा कांदा घातला, आणि त्यावर ओतायला कडक तापलेलं तेल हातात घेऊन नुसता उभा राहिला. सुरेखा आमच्याकडे भांडी आणि वाढप बघते, देवरुखकडची आहे. तिनं मला हाक मारली. "वयनी, शेफ बगा कसे उभे रायलेत."

मी म्हटलं, "लाम, फिश." तो माझ्याकडे वळून त्याच्या भाषेत काहीतरी बोलला. मला वाटलं, शिवी देतोय. मग तेलाची कढई खाली गेली आणि तो ओट्याला टेकून हळूहळू बसला.

आमची घरमालकीण खदिजा त्या दिवशी टेबलावर होती. तिनं गाडी काढली. आम्ही हॉस्पिटलला गेलो. बाकीचे पाहुणे तसेच बसलेले होते, म्हणून सुरेखानं त्यांना मासा वाढला, आणि ते जेवले. तिनं मला हे घाबरत घाबरत सांगितलं. मी म्हटलं, बरं केलंस, थंड झाला असता.

मी ठीक आहे. नोकरी चालू आहे, दिवसभर सुरेखा त्याच्याजवळ असते. फोनवर बोलू या असं लिहिलंस. सध्या नको. लिहिलेलं बरं पडतं.

मृणाली


बुसैतीन, ३ मार्च २०२४

ताई,

माणूस कसा आहे, असं विचारलंस. इतक्या वर्षांनी का होईना, विचारलंस.

लाम कोक-हुंग. लाम हे आडनाव, पण सगळे तेच म्हणतात, मीही. हाँगकाँगच्या शामशुइपो भागात वाढला. आई गाडीवर गोड सूप विकायची. शाळा सुटली आणि तो मेजवान्यांच्या एका मोठ्या हॉटेलात लागला. पहिली काही वर्षं नुसते मासे साफ केले. मग वाफेवर घेतलं, मग कढईवर. मी कधी 'बिचारा' म्हणायला गेले तर त्याला कळायचंच नाही, मी कशाबद्दल बोलतेय. पुढे इथल्या एका हॉटेलात दोन वर्षांच्या करारावर आला. त्याच हॉटेलच्या अकाउंट्समध्ये मी पुण्याहून आले होते.

स्टाफ कँटीनमध्ये मी रोज दही-भात खायची. तो समोरच्या टेबलावरून बघायचा. एक दिवस त्यानं माझ्यापुढे हिरव्या पालेभाजीची बशी ठेवली, आल्याचा वास येत होता. "नो फिश. नो एग. आय वॉश वोक टू टाइम्स," म्हणाला. कढई दोनदा धुतली. मला तेव्हाच कळलं होतं.

त्याचं इंग्रजी स्वयंपाकघरातलं, माझं ताळेबंदातलं. आमचा सगळा संसार त्यावर झाला. त्यात अरबीतलं थोडं 'यल्ला', म्हणजे चला, थोडं 'खलास', म्हणजे संपलं, आणि माझ्याकडून शिकलेले 'बस' नि 'पुरे'. मी कँटनीज शिकले नाही. त्याला शिकवायची हौस नव्हती आणि मला जमलं नसतं. तीच अक्षरं सूर बदलला की वेगळा शब्द होतात. दोन-चार शब्द येतात तेवढेच. 'फान' म्हणजे भात. ऑफिसातून आले की तो आतूनच विचारायचा, 'फान?' त्यांच्यात कसं काय म्हणून विचारत नाहीत, जेवलास का म्हणून विचारतात.

लग्न हाँगकाँगला जाऊन नोंदवलं. त्याची बहीण आ-लिंग आणि तिचा नवरा साक्षीदार होते. आपल्याकडून कुणी नव्हतं. घरी फोन केला तेव्हा बाबांनी ठेवून दिला. दुसऱ्यांदा केला तेव्हा तू उचललास. काय बोललीस ते तुला आठवत असेल. नसेल तरी हरकत नाही.

मूल नाही. झालं नाही.

हॉटेलनं चिनी रेस्टॉरंट बंद केलं तेव्हा तो परत जाऊ शकला असता. खदिजा तेव्हा शाळेची मुख्याध्यापिका होती, त्याच्या हातचं खायला दर महिन्याला हॉटेलात यायची. ती म्हणाली, माझ्या घराचा तळमजला घ्या. लायसन्सही तिच्याच नावावर काढलं. टेबलावर बहुतेक मुसलमान पाहुणे, म्हणून डुक्कर नाही आणि स्वयंपाकात दारूचा थेंब नाही. हाँगकाँगचे त्याचे जुने सोबती फोनवर हसायचे, मग त्यात कँटनीज काय उरलं? तो म्हणायचा, "फायर." आच उरली. दारूच्या जागी काय घालायचं यावर त्यानं कितीतरी महिने घालवले, तांदळाच्या व्हिनेगरमध्ये खडीसाखर घालून काहीतरी केलं. लोकांना आवडायचं. त्याला शेवटपर्यंत आवडलं नाही. शेवटपर्यंत असं लिहून गेले. तो जिवंत आहे.

जेवण झालं की तो बाहेर येऊन टेबलाशी उभा राहायचा आणि एवढंच विचारायचा, "ओके?" लोक टाळ्या वाजवायचे, तेव्हा तो लगेच आत जायचा.

आता सांगायचं ते सांगते. त्याचं इंग्रजी गेलं. डॉक्टर म्हणाले, असं होतं कधीकधी. नंतर शिकलेल्या भाषा पुसल्या जातात, पहिली राहते. तो बोलतो, तुटक का होईना दिवसभर बोलतो, पण फक्त कँटनीज. मी बोलते ते त्याला किती कळतं ते सांगता येत नाही. 'खलास' एवढा एक शब्द राहिलाय, तो ताट ढकलताना म्हणतो. आणि 'ओके' राहिलंय. 'फान, ओके' असं दिवसातून कितीतरी वेळा म्हणतो. डॉक्टरांनी फाइलमध्ये तशी नोंद केली आहे, चांगलं लक्षण आहे म्हणाले.

आ-लिंग रोज व्हिडिओवर त्याच्याशी बोलते आणि मला सगळं समजावून सांगते. तेव्हा तू काळजी करू नकोस.

मृणाली


बुसैतीन, २७ एप्रिल २०२४

ताई,

मसाला पोचला. डबा अजून उघडला नाही, पण बाहेरूनही वास येतो.

मागच्या पत्रात आ-लिंगबद्दल लिहिलं ते खरं नव्हतं. ती रोज बोलत नाही. आठवड्यात एखादा फोन येतो. लाम तिला बघून खूप बोलतो, ती रडते, आणि मी विचारलं की सांगते, "ही टॉक ओल्ड थिंग्ज." जुनं काहीतरी बोलतो. तो अर्धा तास बोलतो आणि मला तिच्याकडून तेवढं एक वाक्य मिळतं. मी पुन्हा विचारते. ती म्हणते, लाइन खराब आहे.

फोनमधलं भाषांतराचं ॲप करून पाहिलं. त्याची जीभ जड झाली आहे, ॲपला काही उमगत नाही. एकदा त्यानं 'विमानतळ' असं दाखवलं, एकदा 'काकडी'. चिनी बाजारातल्या एका दुकानदाराला घरी बोलावलं. तो उत्तर चीनचा निघाला, त्याला कँटनीज येत नव्हतं. दोघं एकमेकांकडे बघत बसले, मग त्यानं लामला नमस्कार केला आणि चहा न घेता गेला.

'फान, ओके' म्हणाला की मी भात देते. मऊ शिजवून, वर आल्याचा रस आणि थोडा सोया सॉस, त्याला आवडतो तसा. आधी दोन घास खायचा. आता वाटी बघितली की तोंड फिरवतो. मला वाटलं, तांदूळ चुकतोय. थायलंडचा सुवासिक तांदूळ आणला. मग वाटलं, पाणी जास्त होतंय. ऑफिसातून येताना रोज मी हाच विचार करत असायचे, आज भात कसा करायचा. परवा त्यानं डाव्या हातानं वाटी उडवली. भात भिंतीवर गेला.

सुरेखा म्हणाली, "वयनी, भात नको झालाय त्यांना."

"मग मागतो कशाला?"

"मागतायत की काय ते तरी कुटं माहीत हाय आपल्याला?"

मी तिच्यावर ओरडले. नंतर भिंत पुसली.

सुरेखाचं आणि त्याचं बरं चालतं, हे मला थोडं लागतं. मासे निवडता निवडता गप्पा माराव्यात तशी ती त्याच्याजवळ बसून बोलत असते. गावातली जमीन, भावजय, मुलीची दहावी. सगळं मराठीत. तो त्याच्या भाषेत उत्तर देतो. ती म्हणते, "व्हय तर." दोघांनाही दुसऱ्याचं काही समजायची अपेक्षा नाही, म्हणून असेल. मी खोलीत गेले की तो पुन्हा तेच सुरू करतो, फान, ओके, फान, ओके, आणि माझ्या तोंडाकडे बघत राहतो.

रमजानात खदिजा त्याच्यासाठी रोज हरीस, म्हणजे गहू-मटणाची मऊ खिचडी, पाठवायची. ईदला स्वतः आली. टेबलावर हात ठेवून बसली. मी विचारलं, तळमजला कधी रिकामा करून देऊ? ती म्हणाली, "यल्ला, गप्प बस."

तू पुण्याला ये म्हणतेस. गुरुप्रसाद भावोजी गेल्यापासून घर मोठं वाटतं, हे मी समजू शकते. ते गेले तेव्हा मी लिहिलं नाही. कसं लिहायचं ते कळलं नव्हतं. पण 'तू ये' असं लिहिलं आहेस. मी एकटी येऊ शकत नाही, हे तुला लिहायला हवं का?

रडतेस का, असंही विचारलंस. नाही. येत नाही. काही वाटत नाही म्हटलं तर चालेल. ऑफिसात महिन्याचे हिशेब वेळेवर देते.

मृणाली


बुसैतीन, १५ जून २०२४

ताई,

काल विनीतनं त्याच्या ऑफिसमधल्या एका बाईंना आणलं. मिसेस योंग. मलेशियाच्या आहेत, इपो गावच्या, इथं सेफ्टी इंजिनिअर. त्यांच्या घरी कँटनीज बोलतात हे विनीतला सहज कँटीनमध्ये कळलं. इतके महिने त्या त्याच्याच मजल्यावर बसत होत्या.

शुक्रवार होता. बाहेर अंगाची लाही होत होती. त्यांनी बूट काढले, हात धुतले, लामच्या खुर्चीसमोर स्टूल घेतलं आणि काहीतरी म्हणाल्या. दोन-तीन शब्दच. नाव विचारलं असेल.

लामनं त्यांच्याकडे बघितलं. मग तो बोलायला लागला तो थांबेचना. त्याचं नाक वाहत होतं, ते सुरेखा पुसत होती. मी चहाचा ट्रे घेऊन दारात उभी होते. ट्रे खाली ठेवायचं मला सुचलं नाही. 'फान, ओके' मध्ये मध्ये येत होतं.

मिसेस योंग माझ्याकडे वळल्या. इंग्रजीतच बोलत होत्या, सावकाश.

"तो म्हणतो, मी हिला इतके महिने सांगतोय, घरी जाऊ या. आणि ही मला भात देते."

मला समजलं नाही. त्यांनी समजावलं. भात म्हणजे फान, आवाज खाली. परत जाणं म्हणजेही फान, पण आवाज वर, सरळ. 'उक-केय' म्हणजे घर. फान उक-केय. घरी परत जाऊ या. त्या दोन्ही म्हणून दाखवत होत्या, हा फान आणि हा फान. ताई, मला दोन्ही एकच ऐकू येत होते. अजून येतात. आणि तो 'ओके' म्हणत नव्हता. इंग्रजी काहीच उरलेलं नव्हतं.

मी आत गेले. कुकरमध्ये भात गरम होता. मी बटण बंद केलं. परत चालू केलं. मग बाहेर आले.

"कुठलं घर, विचारा," मी म्हटलं.

त्यांनी विचारलं. त्यानं सांगितलं. शामशुइपोतली गल्ली, खाली कापडाची दुकानं, त्याची आई गाडी लावायची तो कोपरा. मिसेस योंग म्हणाल्या, "ती इमारत आता नाही, हे त्याला माहीत आहे. तो म्हणतो, इमारत नसली तरी चालेल. खाली माणसं बोलत असतील ना."

विनीत खिडकीपाशी जाऊन बाहेर बघत राहिला.

मला एक विचारायचं होतं. इतके महिने विचारायचं होतं. "मी कोण आहे ते त्याला माहीत आहे का?"

मिसेस योंगना आधी प्रश्नच कळला नाही. मग त्या म्हणाल्या, "अहो, तो तुम्हाला बायकोच म्हणतोय. मघापासून. लो-फो, लो-फो." आणि त्याच्याकडे वळून त्यांनी आणखी काही विचारलं. तो बराच वेळ बोलला. डावा हात हलवून काहीतरी दाखवत होता.

"तो म्हणतो, बायकोला तिथं बोलता येणार नाही, तेवढीच अडचण आहे. पण तिनं काळजी करू नये. बाजारात तिच्यासाठी मी बोलेन. ती मासे खात नाही, ते मी सगळ्यांना सांगेन."

सुरेखा डोळ्यांना पदर लावून रडत होती, तिला विनीतनं मराठीत सांगितलं होतं. मी चहा दिला. साखर किती, ते विचारलं. मिसेस योंग गेल्यावर कप धुतले.

मग आ-लिंगला फोन केला. ती पहिल्या आठवड्यापासून हे ऐकत होती. "माझं घर लहान आहे. नवरा आजारी असतो. मी म्हातारी आहे," म्हणाली. "मी सांगितलं असतं तर तू त्याला पाठवलं असतंस. मी कुठं ठेवलं असतं?" मी म्हटलं, हो. तिचा राग करायला हवा होता असं आज वाटतंय, पण तोही येत नाही.

मृणाली


बुसैतीन, २ ऑगस्ट २०२४

ताई,

आम्ही हाँगकाँगला जातो असं कळवलं, त्यावरचं तुझं चिडलेलं पत्र मिळालं. 'वेड लागलंय का तुला, या वयात त्या परक्या देशात जाऊन काय करणार, त्यापेक्षा दोघं इथं या.'

'दोघं' असं लिहिलं आहेस. ते मी दोनदा वाचलं.

आईची गोष्ट तुला सांगितली नव्हती. आई गेली हे विनीतनं मला तेरावा झाल्यावर सांगितलं. त्यानं तुमच्या सांगण्यावरून तसं केलं असेल, मी विचारलं नाही. त्या दिवशी टेबल भरलेलं होतं. मी लामला सांगितलं. त्यानं खदिजाला सांगून टेबल रद्द केलं, आणि आजवर ते एकदाच झालं. मग माझ्याकडून आईचा फोटो मागून घेतला. आपण सगळे सिंहगडावर गेलो होतो तेव्हाचा, तुझा अर्धा खांदा त्यात आहे. तो त्यानं ओट्यावर उभा केला. पुढे पालेभाजी, भात आणि एक वाटी दही ठेवलं. तीन उदबत्त्या लावल्या आणि कमरेत वाकून तीनदा नमस्कार केला. आईनं त्याला कधी पाहिलंही नव्हतं. मी विचारलं, हे कशाला? म्हणाला, "माय मदर-इन-लॉ. शी मस्ट ईट."

हे मी तुला लागावं म्हणून लिहीत नाही. दोघं या, असं तू लिहिलंस म्हणून लिहिलं. आईच्या घरी आता त्याला जागा आहे, हे त्याला सांगायला हवं होतं. मिसेस योंगकडून सांगितलं. तो म्हणाला, तुझ्या ताईचे आभार मान.

पण पुण्याला येणं नाही. पुण्यात मला बोलता येईल आणि तो खुर्चीत बसून राहील, इथं बसतो तसाच. हाँगकाँगला निदान त्याला बोलता येईल. दोघांपैकी एकाला तरी खाली उतरून कुणाशी बोलता यावं. मी गप्प बसू शकते, मला सवय आहे. त्याला नाही. तो गप्प माणूस आहे असं मी इतकी वर्षं समजत होते. ते इंग्रजीमुळे होतं. त्याच्या भाषेत तो बडबड्या आहे. मिसेस योंग म्हणतात, भयंकर विनोदी बोलतो, त्यांना मध्येच हसू आवरत नाही, आणि मग मला समजावून सांगताना त्यातलं काही हसण्यासारखं राहत नाही. इतकी वर्षं मी एका विनोदी माणसाबरोबर राहत होते.

माझा व्हिसा आला. त्याची बायको म्हणून. आ-लिंगनं लाज वाटून असेल, पण खूप धावपळ केली, तिच्या घरापासून चालत जाण्याच्या अंतरावर लिफ्ट असलेली एक खोली बघितली. खोली म्हणजे खोलीच आहे, फोटोत पलंग आणि खिडकी एका वेळी मावत नाहीत. ऑफिसात राजीनामा दिला. साहेब म्हणाले, विचार कर. मी केला नाही.

खदिजानं शेवटचं एक टेबल लावायला सांगितलं. कोण करणार, मी म्हटलं. ती म्हणाली, कुणी नाही, बाहेरून मागवू, पण माणसं याच टेबलाभोवती बसतील. बसली. खदिजाच्या मैत्रिणी, बँकेतले दोघे, डॉक्टर जोडपं. बिर्याणी खाल्ली. लामला चाकांच्या खुर्चीवरून बाहेर आणलं, तर सगळे उठून उभे राहिले. तो प्रत्येकाच्या ताटात डोकावून बघत होता. बिर्याणी त्याला पसंत पडली नाही हे त्याच्या नाकावरून दिसत होतं. खदिजा हसायला लागली आणि हसता हसता आत निघून गेली.

सुरेखा खदिजाकडेच राहील, तिच्या सुनेचं बाळंतपण आहे. कढया तिनं मागितल्या. मी दिल्या. "घरी नेऊन काय करशील?" म्हटलं तर म्हणाली, "बगत बसीन."

मृणाली


बुसैतीन, २० सप्टेंबर २०२४

ताई,

उद्या दुपारी निघतोय. सामान गेलं. खोल्यांत आवाज घुमतो. विनीत गाडी घेऊन येईल. हे पत्र तोच टाकेल.

मिसेस योंग गेले काही शुक्रवार मला शिकवतात. मी वाईट विद्यार्थिनी आहे. त्या म्हणतात, अर्थ विसरा, गाणं समजून म्हणा. मला गाताही येत नाही, तुला माहीत आहे. पाणी, औषध, थांबा, हळू, किती झाले, एवढं देवनागरीत लिहून घेतलंय, वर-खाली बाण काढून. लामसमोर म्हणून दाखवलं की तो मान हलवतो आणि बरोबर करून सांगतो. कधी कधी तोंड झाकून घेतो. बहुधा मी भलतंच काहीतरी म्हटलेलं असतं.

आज सकाळी त्याला सदरा घालत होते. उजवा हात बाहीत घालताना तो नेहमी अंग आखडून घेतो, चेहरा दगडासारखा करतो. इतके महिने मला वाटायचं, रागावलाय. माझ्याकडून असं घालून घ्यावं लागतं म्हणून रागावलाय. मीही मग न बोलता बाही ओढून बटणं लावून मोकळी व्हायची.

आज मला मागच्या शुक्रवारचा धडा आठवला. मी थांबले आणि म्हटलं, "थुंग म थुंग आ?" दुखतंय का?

ताई, हे मी त्याला आयुष्यात किती वेळा विचारलं असेल. तेलानं पोळलं, सुरी लागली, पाठ धरली. इंग्रजीत विचारायचे आणि तो न चुकता म्हणायचा, "नथिंग." मी ते खरं धरायचे.

त्याला पहिल्यांदा उमजलं नाही. मी सूर बदलून परत म्हटलं. मग आणखी एकदा.

तो माझ्याकडे बघत राहिला. मग म्हणाला, "थुंग."

दुखतंय.

पुढचं मला येत नव्हतं. 'कुठं' हा शब्द अजून शिकायचा आहे. मी नुसती बाही हातात धरून उभी राहिले. त्यानं डाव्या हातानं माझं मनगट पकडलं आणि माझा हात उचलून त्याच्या उजव्या खांद्यावर ठेवला. मागच्या बाजूला, हाडाच्या खाली. तिथं दगडासारखा घट्ट गोळा होता. कधीचा होता, देव जाणे. रोज मी त्यावरूनच बाही ओढत होते.

मी दाबलं. तो म्हणाला, "थुंग." मी जरा खाली दाबलं. "थुंग." आणखी खाली. तो काही बोलला नाही, डोळे मिटले.

मग सदरा राहू दिला आणि तेल गरम करून आणलं. दुपार होईपर्यंत तसेच बसलो होतो. मी अधूनमधून विचारत होते, तो सांगत होता.

मृणाली